मालक-भाडेकरू केसमध्ये उशिरा सापडलेला पुरावा कोर्टात कसा द्यायचा? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

भाड्याच्या केसमध्ये माणसं सगळ्यात जास्त अडकतात ती कागदांवरून. दावा दाखल होतो, वर्षानुवर्षं तारखा पडतात, आणि मग उलटतपासणी चालू असताना किंवा थेट निकाल विरुद्ध गेल्यावर घरात कुठेतरी जुनी भाडेपावती सापडते, नाहीतर लाईट बिलाचं रेकॉर्ड हाती लागतं. मग प्रश्न येतो की आता हे कोर्ट घेणार का. खालची सगळी उत्तरं महाराष्ट्रातल्या केसेससाठी आहेत, म्हणजे महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा १९९९ (लागू ३१ मार्च २००० पासून), दिवाणी प्रक्रिया संहिता आणि पुराव्याचा कायदा. तुमच्या केसमध्ये नेमकं काय करायचं ते तुमच्या वकिलांनी फाईल बघूनच ठरवायचं, पण त्यांच्याशी नीट बोलता यावं एवढं तरी इथे नक्की मिळेल.

केस चालू झाल्यावर नवीन कागद देता येतो का, की एकदा राहिला तो राहिला?

देता येतो. पण हक्क म्हणून नाही, परवानगी घेऊन. मालकाने (वादीने) दाव्यासोबत आणि भाडेकरूने (प्रतिवादीने) कैफियतीसोबत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरासोबत) आपले कागद लावायचे, हा मूळ नियम. जे तेव्हा लावले नाहीत ते नंतर आणायचे तर मालकासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ७ रूल १४(३) आणि भाडेकरूसाठी ऑर्डर ८ रूल १ए(३) खाली (पुढेही जिथे ऑर्डर-रूल येईल ते याच संहितेचे) अर्ज करावा लागतो आणि कोर्टाने हो म्हटलं तरच तो कागद पुराव्यात येतो. २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने प्रतिवादीच्या अशाच एका अर्जावर सांगितलंय की प्रक्रियेचे नियम न्यायाला मदत करायला आहेत, त्यामुळे अशा अर्जाकडे जरा मोकळ्या मनाने बघावं. म्हणून उशीर झाला एवढ्यावरून हातपाय गाळू नका, पण "कोर्ट घेतंच हो" असं समजून आणखी दोन तारखा घालवूही नका.

अर्जात काय लिहायचं? वकिलांनी एका पानाचा अर्ज दिला तो फेटाळला गेला.

एका पानाने काही बिघडत नाही, आत काय आहे ते महत्त्वाचं. जज साहेब असा अर्ज वाचताना तीनच गोष्टी शोधत असतात : कागद कुठला आणि तो केसच्या कुठल्या मुद्द्याला लागतो, आधी का दिला नाही, आणि आता घेतला तर समोरच्याचं असं काय नुकसान होईल की जे कॉस्ट (खर्चाची भरपाई) देऊन भरून निघणार नाही. यातला दुसरा भाग लोक फार ढिला लिहितात. "सदर कागद अनवधानाने दाखल करावयाचा राहून गेला" हे वाक्य हजारो अर्जांत असतं आणि त्याने काहीच कळत नाही. त्याऐवजी खरं काय घडलं ते तारखेसकट लिहा, म्हणजे वडील कधी वारले, त्यांची कागदपत्रं कोणाकडे होती, ती तुमच्या हातात कधी आली, महापालिकेत नकलेसाठी अर्ज कधी केला आणि नक्कल कधी मिळाली. नकलेवर अर्जाची आणि नक्कल दिल्याची तारीख असते, ती तुमच्या बाजूने बोलते. सोबत शपथपत्र लावा आणि कागद यादीसकट अर्जाबरोबरच जोडा, "परवानगी मिळाल्यावर दाखल करू" असं ठेवलं तर समोरचा वकील म्हणणार की बघायलाच काही नाही तर से (अर्जाला लेखी उत्तर) काय देऊ, आणि त्याचं ते म्हणणं बरोबरच असतं.

"आधीच्या वकिलांनी सांगितलं नाही" किंवा "वकील बदलला" हे कारण एकट्याने सहसा टिकत नाही.

कोणत्या टप्प्यावर अर्ज केला तर बरं पडतं?

जितका लवकर तितकं सोपं. मुद्दे निघायच्या आधी (म्हणजे वाद कशाकशावर आहे ते कोर्टाने लिहून ठरवायच्या, इश्यू फ्रेम व्हायच्या आधी) कागद आला तर बहुतेक वेळा फारशी कुरबुर होत नाही. तुमची सरतपासणी (तुमची स्वतःची मूळ साक्ष) शपथपत्रावर झाली, उलटतपासणी व्हायची आहे, तरी ठीक. तुमची उलटतपासणी होऊन गेल्यावर मात्र समोरचा म्हणणार की माझ्या प्रश्नांनी जी भोकं पडली ती बुजवायला हा कागद आणलाय, आणि तिथून पुढे कारण फार भक्कम लागतं. पुरावा बंद केल्याची पुरसीस (कोर्टाला द्यायची लेखी सूचना) देऊन झाली, आर्ग्युमेंट चालू झालं, तर अर्ज आणखी जड जातो. निकालानंतरचा रस्ता वेगळाच आहे, तो खाली अपिलाच्या प्रश्नात आहे.

कागद दाखल झाला म्हणजे पुरावा झाला ना?

नाही, आणि इथेच बऱ्याच जणांची फसगत होते. कागद दाखल होणं, कागदाला निशाणी (एक्झिबिट) पडणं आणि कागदातला मजकूर सिद्ध होणं या तीन वेगळ्या पायऱ्या आहेत. परवानगी मिळाली म्हणजे फक्त पहिली पायरी चढलात. त्यानंतर समोरच्याला तो कागद मान्य आहे की नाही ते विचारलं जातं, नाही म्हणाला तर तो कोणी लिहिला, सही कोणाची, हे सांगणारा माणूस पिंजऱ्यात उभा करावा लागतो. तुमच्या शपथपत्रात त्या कागदाचा उल्लेखच नसेल तर जादा सरतपासणीचीही परवानगी मागा, त्याच अर्जात मागा, नाहीतर कागद फाईलमध्ये पडून राहतो आणि निकालात एक ओळ येते की सदर दस्तऐवज शाबित केलेला नाही.

सरकारी रेकॉर्डचं जरा सोपं असतं. प्रॉपर्टी कार्ड, असेसमेंटचा उतारा, मतदार यादी, जन्म-मृत्यू नोंद यांच्या सर्टिफाइड नकला आणल्या तर त्या थेट वाचता येतात, प्रत्येक वेळी ऑफिसातला माणूस बोलवावा लागत नाही.

मूळ भाडेपावती हरवली, फक्त झेरॉक्स आहे. चालेल का?

झेरॉक्स म्हणजे दुय्यम पुरावा आणि तो देण्यासाठी आधी पाया घालावा लागतो : मूळ होतं, ते हरवलं किंवा नष्ट झालं किंवा समोरच्याच्या ताब्यात आहे, आणि ही झेरॉक्स त्याच मूळ कागदाची आहे. जुन्या पुरावा कायद्यात हे कलम ६५ मध्ये होतं, आता भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ मध्ये कलम ६० मध्ये आहे. पोलिसात हरवल्याची नोंद आधी केलेली असेल तर ती लावा, पण अर्ज द्यायच्या आदल्या दिवशी केलेली नोंद बघून कोर्ट काय समजायचं ते समजतं.

मूळ कागद मालकाकडे असेल (उदाहरणार्थ पावतीपुस्तकाची स्थळप्रत, पागडीची नोंदवही) तर आधी त्याला कागद हजर करण्याची नोटीस द्या. नोटीस देऊनही त्याने आणला नाही तर तुमच्या झेरॉक्सला रस्ता मोकळा होतो.

आजोबांच्या नावाच्या १९७०-८० च्या पावत्या सापडल्यात. सही करणारा मालक आता हयात नाही, मग सिद्ध कोण करणार?

चाळीतल्या आणि पागडीच्या केसेसमध्ये हा प्रश्न नेहमी येतो आणि त्याचं उत्तर भाडेकरूच्या फायद्याचं आहे. कागद ३० वर्षांपेक्षा जुना असेल आणि तो जिथे असायला हवा अशाच ठिकाणाहून आलेला असेल (भाडेकरूची पावती भाडेकरूच्या घरातून) तर सही आणि अक्षर खरं आहे असं कोर्ट गृहीत धरू शकतं. पूर्वी कलम ९०, आता कलम ९२. "शकतं" हा शब्द लक्षात ठेवा, धरलंच पाहिजे असं नाही. म्हणून शपथपत्रात सांगा की पावत्या कुठे ठेवलेल्या होत्या, कोणी जपल्या, तुमच्याकडे कशा आल्या. आणि कृपा करून त्यांना लॅमिनेशन करू नका, कागदाचा पोत आणि शाई तपासायची वेळ आली तर तेच अडचणीचं होतं.

मूळ भाडेकरू वारल्यावर जागेवर हक्क कोणाचा असा वाद असेल तर नुसत्या पावत्या पुरत नाहीत. भाडे कायद्याच्या कलम ७(१५)(ड) प्रमाणे भाडेकरू वारला तेव्हा कुटुंबातलं कोण त्याच्यासोबत राहत होतं हे बघितलं जातं, त्यामुळे त्या काळातलं रेशनकार्ड, मुलांचे शाळेचे दाखले, मतदार यादी, बँक पासबुकावरचा पत्ता यातलं जे उशिरा मिळेल त्याच्यासाठीही अर्ज करायला हरकत नाही. मृत्यूनंतर बदलून घेतलेल्या आधार कार्डाचा मात्र इथे फार उपयोग नाही.

व्हॉट्सॲप चॅट, कॉल रेकॉर्डिंग, सीसीटीव्ही हे चालतं का?

चालतं, पण सर्टिफिकेटसकट. याचा मोठा निकाल महाराष्ट्रातल्याच केसमधून आलाय : जालना विधानसभेच्या निवडणुकीवरून अर्जुन खोतकर आणि कैलास गोरंट्याल यांच्यात वाद झाला, त्यात निवडणूक अधिकाऱ्याच्या ऑफिसातलं व्हिडिओ रेकॉर्डिंग होतं, आणि जुलै २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की इलेक्ट्रॉनिक रेकॉर्डची कॉपी देत असाल तर जुन्या पुरावा कायद्याच्या कलम ६५बी चं सर्टिफिकेट (हे रेकॉर्ड कुठून, कसं घेतलं याचा दाखला) लागणारच. मूळ मोबाईल किंवा लॅपटॉपच त्याच्या मालकाने साक्ष देताना हजर केला तर सर्टिफिकेट लागत नाही, आणि रेकॉर्डिंग ज्याच्याकडे आहे (समजा सोसायटी) तो मागूनही सर्टिफिकेट देत नसेल तर कोर्टाकडे अर्ज करून मागवता येतं, हेही त्याच निकालात आहे.

१ जुलै २०२४ पासून नवीन साक्ष्य अधिनियम लागू झाला, त्यात हे कलम ६३ झालं आणि सर्टिफिकेटचा नमुना कायद्यालाच जोडलाय. त्याचे दोन भाग : भाग अ कागद देणाऱ्याने भरायचा, भाग ब तज्ज्ञाने, आणि फाईलची हॅश व्हॅल्यू लिहायची. हॅश म्हणजे त्या फाईलचा आकडे-अक्षरांचा एक ठसा, फाईलमध्ये एका अक्षराचा बदल झाला तरी तो बदलतो. १ जुलै २०२४ च्या आधीपासून चालू असलेल्या केसला जुनाच कायदा लागतो, त्यामुळे आपली केस कधीची आहे ते बघून नमुना निवडा.

व्यवहारातलं सांगायचं तर चॅटमधला एकच मेसेज कापून स्क्रीनशॉट देऊ नका, पुढचं-मागचं संभाषण द्या, तारीख-वेळ दिसू दे, नंबर कोणाचा ते शपथपत्रात लिहा. कॉल रेकॉर्डिंगची लेखी उतरण लावा. आणि तो फोन विकू नका, फॉरमॅट करू नका, नवीन घेतला तरी जुना चार्ज करून कपाटात ठेवा. सीसीटीव्हीचं रेकॉर्डिंग थोड्याच दिवसांत आपोआप पुसलं जातं, तेव्हा घटना घडल्याबरोबर सोसायटीला लेखी पत्र द्या की अमुक तारखेचं रेकॉर्डिंग जपून ठेवा.

भाडं थकवलं म्हणून केस आहे. मी तर भरलंय, पण पुरावा आता हाती आला.

आधी हिशोब समजून घ्या. भाडे कायद्याच्या कलम १५ खाली थकबाकीसाठी मालकाला आधी लेखी मागणी नोटीस द्यावी लागते, ती मिळाल्यापासून ९० दिवस जावे लागतात, मगच दावा. दाव्याचं समन्स मिळाल्यापासूनही ९० दिवसांत थकलेलं भाडं, त्यावर दरसाल १५ टक्के सरळ व्याज आणि दाव्याचा खर्च कोर्टात भरला आणि पुढेही भरत राहिलात तर या कारणावर तुम्हाला बाहेर काढता येत नाही. म्हणजे इथे रकमेइतक्याच तारखा मोलाच्या, आणि जादा पुरावा द्यायचा तो तारखा सिद्ध करणारा.

यूपीआयचा स्क्रीनशॉट हा सगळ्यात कच्चा पुरावा. त्यापेक्षा बँकेकडून त्या काळाचं स्टेटमेंट बँकर्स बुक्स एव्हिडन्स ॲक्ट १८९१ च्या सर्टिफिकेटसह मागा, ते वजनदार असतं आणि बँकेचा माणूस साक्षीला ओढायची पाळी बहुतेक येत नाही. मालक भाडं घेत नव्हता म्हणून मनीऑर्डर केली असेल तर परत आलेल्या मनीऑर्डरवरचा "घेण्यास नकार" हा शेरा सोन्यासारखा आहे, ते सगळे कागद तारखेच्या क्रमाने लावा. मालकाच्या बाजूने असाल तर नोटीस पोचल्याची पोचपावती आणि पोस्टाच्या ट्रॅकिंगची प्रिंट नोटीस पाठवल्याच्या आठवड्यातच काढून ठेवा, नंतर ते ट्रॅकिंग साईटवर दिसत नाही. पोचल्याची तारीखच सिद्ध झाली नाही तर ९० दिवस मोजायचे कुठून?

रोखीने दिलं आणि पावती नाही, ही भाडेकरूची नेहमीची तक्रार. पावती देणं मालकावर कायद्याने बंधनकारक आहे, पण "मी दिलं" हे नुसतं तोंडी सांगून कोर्टाचं समाधान होणं अवघड आहे.

जागा बंद ठेवली म्हणून केस आहे. लाईट बिलं उशिरा मिळाली, देऊ का?

द्या, पण कोणत्या महिन्यांची ते आधी बघा. कलम १६(१)(एन) मध्ये दावा दाखल झाला त्या तारखेच्या लगेच आधीचे सलग सहा महिने मोजतात. दोन्ही बाजूंचे लोक दाव्यानंतरची दोन-दोन वर्षांची बिलं गठ्ठा करून आणतात, त्यातून त्या सहा महिन्यांबद्दल काहीच ठरत नाही. वीज कंपनीकडून त्या काळाचा महिनावार युनिटचा उतारा मागा. शून्य युनिट असेल तर मालकाचं काम सोपं, थोडे थोडे युनिट दर महिन्याला पडत असतील तर भाडेकरूचं. पण नुसत्या युनिटवर निकाल लागत नाही : गॅस सिलेंडरच्या नोंदी, शेजाऱ्याची साक्ष, दुकान असेल तर शॉप ॲक्ट लायसन्स आणि त्या महिन्यांतली विक्रीची बिलं हे सगळं एकत्र बघितलं जातं. आणि बंद ठेवायला वाजवी कारण होतं (आजारपण, इमारतीची दुरुस्ती) तर हॉस्पिटलचे कागद हाच तुमचा मुख्य पुरावा, बिलं दुय्यम.

पोटभाडेकरू ठेवलाय हे मला माहीत आहे पण कागद सगळे त्यांच्याकडेच. मी काय आणू?

पोटभाड्याचा करार कोणी मालकाला आणून देत नाही, हे कोर्टालाही माहीत आहे. अशा वेळी कागद समोरच्याकडून किंवा ऑफिसातून ओढून आणायचे मार्ग वापरायचे. ऑर्डर ११ खाली समोरच्याला कागद उघड करायला आणि हजर करायला लावता येतं. ऑर्डर १६ खाली वीज कंपनी, महापालिकेचं परवाना खातं, बँक यांना रेकॉर्ड घेऊन यायचं समन्स काढता येतं. साक्षीदारांची यादी मुद्दे निघाल्यापासून १५ दिवसांत द्यायची असते, ती वेळ गेली असेल तर कारण दाखवून परवानगी मागा. जागेत आज कोण बसलंय, पार्टिशन टाकलंय का, पक्कं बांधकाम केलंय का हे बघायला ऑर्डर २६ रूल ९ खाली कोर्ट कमिशनर मागता येतो, पण कमिशनर आहे ती परिस्थिती मोजून-बघून लिहितो, पुरावा गोळा करून देणं हे त्याचं काम नाही असं म्हणून पुष्कळ अर्ज फेटाळले जातात. म्हणून अर्जात "कोण राहतं ते शोधून काढावे" असं न लिहिता मोजमाप, नकाशा, बांधकामाचं वर्णन असं ठराविक काम लिहा.

साक्षीदाराला परत बोलावता येतं का?

ऑर्डर १८ रूल १७ खाली कोर्ट कोणत्याही टप्प्यावर साक्षीदाराला परत बोलावू शकतं, पण हा अधिकार मुळात कोर्टाला स्वतःची शंका फेडण्यासाठी दिलाय. राहिलेले प्रश्न विचारून घ्यायला तो नाही. सुप्रीम कोर्टाने २०११ मध्ये हे स्पष्ट केलं आणि सोबत हेही सांगितलं की खरंच गरज असेल तर संहितेच्या कलम १५१ च्या अंगभूत अधिकारात पुरावा पुन्हा उघडता येतो, फक्त त्याचा वापर क्वचित आणि जपून करायचा.

समोरच्याने उलटतपासणीत एकदम नवीन कागद काढून माझ्यापुढे धरला. हे चालतं?

चालतं. उलटतपासणीत विचारण्यासाठी आणलेल्या कागदाला आधीच्या परवानगीचा नियम लागत नाही. साक्षीदाराला कागद दाखवता येतो पण खुद्द पक्षकाराला येतो का यावर मुंबई हायकोर्टात मतभेद होते, ते प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं आणि डिसेंबर २०२३ मध्ये निकाल आला की पक्षकार आणि साक्षीदार यात फरक करायचा नाही, दोघांनाही दाखवता येतो. त्यामुळे पिंजऱ्यात जाताना हे गृहीत धरून जा. कागद दाखवला की घाईने हो-नाही म्हणू नका, पूर्ण वाचा, सही तुमची असेल तर ती आहे म्हणा, मजकूर मान्य नसेल तर तसं वेगळं सांगा. तुम्ही नाकारलात तर त्या कागदाला आपोआप निशाणी पडत नाही, त्यांना तो वेगळ्या मार्गाने सिद्ध करावा लागतो.

माझ्या कैफियतीत हा मुद्दाच नाही, पण कागद जबरदस्त आहे.

मग आधी कैफियत दुरुस्त करा. ज्याचं कथन नाही त्याचा पुरावा कितीही चांगला असला तरी कोर्ट त्याकडे बघत नाही, कारण समोरच्याला त्याला उत्तर द्यायची संधीच मिळालेली नसते. उदाहरण घ्या : मालकाने "मुलाच्या धंद्यासाठी जागा हवी" म्हणून कलम १६(१)(जी) खाली दावा केला, आणि भाडेकरूला केस चालू असताना इंडेक्स टू (खरेदीखताच्या नोंदणीचा उतारा) मिळाला की मालकाच्या नावावर त्याच रस्त्यावर आणखी एक रिकामा गाळा आहे. कागद छान आहे, पण कैफियतीत "मालकाकडे दुसरी जागा आहे" हे वाक्य कुठेच नाही. अशा वेळी ऑर्डर ६ रूल १७ चा दुरुस्ती अर्ज आणि कागद दाखल करायचा अर्ज दोन्ही एकदम द्यायचे. सुनावणी (ट्रायल) सुरू झाल्यावर दुरुस्तीसाठीही दाखवावं लागतं की योग्य ती काळजी घेऊनही हे आधी मांडता आलं नसतं. इथे इंडेक्स टू ची तारीख दाव्यानंतरची असेल तर तुमचं काम निम्मं झालं, दाव्याच्या दहा वर्षं आधीची असेल तर कोर्ट विचारणार की आधी का शोधलं नाही.

निकाल विरुद्ध गेला. अपिलात नवीन कागद देता येतो का?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच. आधी अपिलाचं : भाडे कायद्याच्या कलम ३४ प्रमाणे मुंबईत लघुवाद न्यायालयाच्याच दोन न्यायाधीशांच्या बेंचपुढे (मूळ निकाल देणारे जज त्यात नसतात) आणि बाकी महाराष्ट्रात जिल्हा न्यायालयात अपील, मुदत ३० दिवस. दुसरं अपील नाही, पुढे हायकोर्टात गेलात तर रिव्हिजन नाहीतर रिट. म्हणजे वस्तुस्थितीवर, पुराव्यावर नीट बोलायची ही शेवटची जागा.

अपिलात जादा पुरावा देण्याचा नियम ऑर्डर ४१ रूल २७. नियमाची सुरुवातच अशी आहे की पक्षकाराला अपिलात नवीन पुरावा देण्याचा हक्क नाही, आणि मग तीन खिडक्या उघडतात. एक, खालच्या कोर्टाने घ्यायला हवा होता तो पुरावा घ्यायला नकार दिला. दोन, पुरेशी काळजी घेऊनही तो पुरावा तेव्हा माहीत नव्हता किंवा आणता येत नव्हता. तीन, अपील कोर्टालाच निकाल देण्यासाठी किंवा तशाच महत्त्वाच्या कारणासाठी तो हवासा वाटतो. अर्ज करताना आपली खिडकी कोणती ते सरळ लिहा, तिन्हींचा उल्लेख करून "सबब अर्ज मंजूर व्हावा" असं लिहिलेले अर्ज वाचून कोर्टाच्या हाती काही लागत नाही.

दुसऱ्या खिडकीत सगळा जोर "काळजी" या शब्दावर आहे. कागद तुमच्याच कपाटात होता तर काळजी घेतली असं म्हणता येत नाही. महापालिकेने तीन वेळा "रेकॉर्ड सापडत नाही" असं लेखी उत्तर दिलं आणि चौथ्या वेळी नक्कल दिली तर नक्की म्हणता येतं, म्हणून ती नकाराची उत्तरं फेकू नका. तिसरी खिडकी ही कोर्टाची गरज आहे, तुमची नाही. फाईलवरच्या पुराव्यावर निकाल देता येत असेल तर ती बंद.

सुप्रीम कोर्टाने २०१२ च्या युनियन ऑफ इंडिया विरुद्ध इब्राहिम उद्दिन या निकालात सांगितलंय की हा अर्ज अपिलाच्या अंतिम सुनावणीसोबतच ऐकायचा, कारण बाकीचा पुरावा बघितल्याशिवाय याची गरज आहे की नाही ते कळत नाही. म्हणजे अर्ज दिल्यावर दर तारखेला "आमचा अर्ज आधी घ्या" म्हणून हट्ट धरून उपयोग नाही, पण अंतिम युक्तिवादाच्या दिवशी अर्ज विसरला जाऊ नये हे मात्र तुम्हीच बघायचं. अपिलाचा निकाल अर्जाबद्दल एक शब्दही न बोलता लागला तर तो हायकोर्टात मोठा मुद्दा होतो.

मंजूर झाला तर पुढे काय? कोर्टाला कारणं नोंदवावी लागतात, आणि पुरावा एकतर अपील कोर्ट स्वतः घेतं नाहीतर खालच्या कोर्टाला घ्यायला सांगतं. समोरच्याला उलटतपासणी आणि उलट पुरावा दोन्हीचा हक्क आहे.

केस चालू असताना परिस्थितीच बदलली. मालकाला दुसरी जागा मिळाली, किंवा भाडेकरूने स्वतःचा फ्लॅट घेतला.

याला नंतरच्या घडामोडी म्हणतात आणि याचं गणित उशिरा सापडलेल्या कागदापेक्षा वेगळं आहे, कारण जे तेव्हा घडलंच नव्हतं ते आधी का आणलं नाही असं कोणी विचारू शकत नाही. १९७५ मध्ये पसुपुलेटी वेंकटेश्वरलू या भाड्याच्याच केसमध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलं की मागितलेल्या हक्काच्या मुळाशी जाणारी घटना दाव्यानंतर घडली असेल तर कोर्टाने ती बघायला हवी. पण २००१ चा एक निकालही सोबत वाचा : मालकाला डॉक्टर मुलाच्या दवाखान्यासाठी जागा हवी होती, केस इतकी लांबली की मधल्या काळात मुलगा नोकरीला लागला, भाडेकरू म्हणाला आता गरज संपली. कोर्टाने ते मानलं नाही, गरज मुळात अर्जाच्या तारखेची बघायची आणि नंतरच्या घटनेने ती पूर्णपणे झाकोळली गेली तरच विचार करायचा, केस रखडल्याची शिक्षा मालकाला नको असं सांगितलं. हा तोल मला योग्य वाटतो.

भाडेकरूने स्वतःचं घर घेतलं ही गोष्ट कलम १६(२) खाली कोणाला जास्त त्रास होईल या तुलनेत मालकाच्या कामाची. मधेच महापालिकेने इमारत अतिधोकादायक (सी-१) ठरवली तर तेही लगेच रेकॉर्डवर आणा, तिथे मागण्याच बदलू शकतात. आणि या सगळ्यात कथनाची दुरुस्ती लागतेच.

लिव्ह अँड लायसन्सची मुदत संपली, सक्षम प्राधिकाऱ्यापुढे (अशा केसेससाठी नेमलेल्या अधिकाऱ्यापुढे) केस आहे. तिथेही हे सगळं लागू आहे का?

तिथली चाल वेगळी आणि वेगवान. राहायच्या जागेच्या कलम २४ च्या अर्जात लेखी करारातला मजकूर हा निर्णायक पुरावा धरला जातो, म्हणजे "मालकाने तोंडी मुदत वाढवली होती" हे साक्षीदार आणून सांगायला गेलात तर फार वाव नाही. समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत शपथपत्रासह बचावाची परवानगी मागावी लागते. म्हणून तुमच्याकडचे सगळे कागद, नवीन करार झाला असेल तर तो, डिपॉझिट परत न दिल्याचे पुरावे, त्या पहिल्या शपथपत्रालाच लावा, "नंतर देऊ" हा विचार इथे महागात पडतो. मुदत संपल्यावरही जागा सोडली नाही तर दुप्पट दराने पैसे द्यावे लागतात, ते मीटर चालूच असतं.

करार रजिस्टर केला नव्हता. आता तो पुरावा म्हणून देता येईल?

कलम ५५ प्रमाणे भाडेकरार लेखी आणि रजिस्टर करणं ही मालकाची जबाबदारी. केला नाही तर अटी-शर्तींबद्दल भाडेकरू जे सांगेल ते धरलं जातं, मालकाने उलट सिद्ध करेपर्यंत. त्यामुळे असा करार उशिरा आणायची धडपड बहुतेक मालकच करतो. त्यावर स्टॅम्प कमी असेल तर कोर्ट तो आधी जप्त करून शुल्क आणि दंड भरायला पाठवतं, हा वेळ धरूनच अर्ज करा.

समोरच्याने उशिरा कागद आणला तर मी काय म्हणायचं?

से मध्ये नुसतं "अर्ज खोटा आहे, फेटाळावा" लिहून थांबू नका. कागद आधीपासून त्याच्याकडे होता हे कुठून दिसतं ते दाखवा (त्याच्याच नोटिशीत त्याचा उल्लेख असतो कधी कधी), कथनात हा मुद्दा नाही हे दाखवा, आणि शेवटी पर्यायी मागणी लिहून ठेवा की कोर्टाने घेतलाच तर मला उलटतपासणी, उत्तरादाखल पुरावा आणि कॉस्ट मिळावी. कागद बनावट वाटला तर मूळ कागद कोर्टाच्या ताब्यात ठेवायची आणि हस्ताक्षर तज्ज्ञाकडे पाठवायची मागणी त्याच वेळी करा. न्यायालयात खोटा पुरावा देणं हा सात वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा आहे, मागची तारीख टाकून पावत्या बनवायचा सल्ला कोणी देत असेल तर त्याच्यापासून लांब राहा, मालक असा की भाडेकरू.

माझा अर्ज फेटाळला. आता?

ऑर्डरची सर्टिफाइड नक्कल लगेच काढा. हायकोर्टात घटनेच्या अनुच्छेद २२७ खाली रिट करता येते, पण दरवेळी ती करावीच असं नाही, कागद फार मोलाचा नसेल तर त्यात वर्ष जातं आणि खाली केस अडकून राहते. रिट केली नाही म्हणून मुद्दा मेला असंही नाही. निकाल विरुद्ध गेला तर अपिलाच्या मेमोमध्ये संहितेच्या कलम १०५ खाली त्या ऑर्डरवर हरकत घेता येते, आणि "खालच्या कोर्टाने घ्यायला हवा होता तो पुरावा नाकारला" ही रूल २७ ची पहिली खिडकी नेमकी अशाच माणसासाठी आहे. म्हणून फेटाळला जाण्याची शक्यता दिसत असली तरी अर्ज लेखी द्या, शपथपत्रासह द्या आणि त्यावर लेखी ऑर्डर घ्या, तोंडी विचारून जज साहेब नको म्हणाले आणि रोजनाम्यात काहीच नाही, असं झालं तर अपिलात ही खिडकी उघडायला हातात काही राहत नाही.